तोफखान्याचे कान

लोक साताऱ्याकडे जातात ते सज्जनगड चढायला, नाहीतर तिथून पुढे महाबळेश्वरला जाऊन थंडी वाजवून घ्यायला. मी गेले ते रक्त आणायला. घरी तसं सांगितलं तर आई लाटणं हातात धरून म्हणाली, "तुला दुसरं काही आणायला सांगत नाहीत का गं?"

तर मी पुण्यातल्या एका प्रयोगशाळेत काम करते. नव्वदीच्या दशकातली मधली वर्षं होती ती. कोपऱ्याकोपऱ्यावर पिवळ्या पाटीचे एसटीडी बूथ उगवले होते आणि 'जनुक' हा शब्द वर्तमानपत्रात नुकताच दिसू लागला होता. आमच्या सरांना त्यांच्या एका डॉक्टर मित्राकडून कळलं, की उंब्रजच्या आतल्या एका गावात पिसाळ नावाची भावकी आहे आणि तिच्यात तिशी उलटली की माणसांचे कान हळूहळू जातात. सगळ्यांचे नाही, काहींचे. ते कुणाकडून कुणाकडे उतरतं ते रक्तात शोधायचं होतं. सर विद्वान माणूस, पण त्यांना माणसांपेक्षा नळ्या जास्त ओळखू येतात. त्यांनी मला एकच नियम दिला. नळीवर नाव घालायचं नाही, नंबर घालायचा. कुणाची नळी कुठली ते बाहेर कळता कामा नये. मी मान डोलावली. त्यात काय अवघड आहे, असं मला तेव्हा वाटलं, आणि आता ते आठवलं की माझं मलाच हसू येतं.

खंडाळा

बरोबर फडतरे होते. ते आमचे तंत्रज्ञ, मूळचे कोरेगावकडचे. जीपही तेच चालवणार आणि सुईही तेच टोचणार. फडतऱ्यांनी सुई टोचली तर माणूस "कधी टोचताय?" म्हणून विचारतो, इतका हात हलका. मला मात्र सुई द्या आणि समोरचा पळतो.

शिरवळ मागे पडलं आणि फडतऱ्यांची भाषा बदलली. पुण्यात 'होय मॅडम, नाही मॅडम' करणारा माणूस एकदम 'व्हय' आणि 'न्हाई'वर आला आणि त्याचा चेहराही सैल झाला. साताऱ्याच्या वाटेवरच्या खंडाळ्याला घाटाआधी बर्फ घ्यायला थांबलो. नळ्यांसाठी थर्मोकोलचा मोठा डबा होता. रसवंतीवाल्याकडून बर्फ भरताना आजूबाजूला पोरं जमली, कारण डब्यात कुल्फी आहे याबद्दल कुणाला शंकाच नव्हती. मी कुल्फी नाही म्हटलं तर एक म्हातारबाबा म्हणाले, "संपली आसंल." त्यांनी इतक्या समजूतदारपणे मला सोडून दिलं की मला कुल्फी नसल्याची लाज वाटली.

घाट चढून वर आलो आणि समोर वाईकडचे डोंगर पसरले. दिवाळी होऊन गेलेली, हवेत गारवा, रानात ज्वारी कमरेएवढी. मी काच खाली करून तोंड बाहेर काढलं ते साताऱ्यापर्यंत आत घेतलं नाही.

सातारा

साताऱ्यात मुक्काम केला. कंदी पेढे खाल्ले. आमच्याकडचा पेढा गोरा गोरा असतो, हा भाजून भाजून तांबूस केलेला. दोघांत भांडण लावायचं नाही, पण मी साताऱ्याच्या बाजूने आहे. पुड्यातले अर्धे पेढे गावात वाटायला ठेवले होते. सकाळी बघितलं तर पाव पुडा उरला होता आणि फडतरे माझ्याकडे बघत नव्हते.

लॉजच्या मालकांनी कुठं निघालात, कशाला, पगार किती, मुलं किती, सगळं विचारून घेतलं. पुण्यात माझ्या शेजारणीला सतरा वर्षांत माझं आडनाव नीट ठाऊक नाही. आम्ही दार अर्धंच उघडतो आणि त्याला सभ्यपणा म्हणतो. इथे दाराला कडी असते ती कुत्रं आत येऊ नये म्हणून. आता अशा मुलखात मी गुपित राखायला चालले होते!

उंब्रजच्या आत

उंब्रजला हमरस्ता सोडला की ऊस सुरू होतो आणि मग ऊसच असतो. गाव आलं हे डोळ्यांआधी कानांना कळलं. पिसाळांच्या आळीत कुणी हळू बोलतच नाही. साधं "मीठ आण" म्हणतात तेही असं, की शेजारच्या तीन घरांतून मीठ यावं.

आमचे यजमान तात्या पिसाळ, भावकीतले वडीलधारे, तोफखान्यातले निवृत्त हवालदार. दांडगा माणूस, पांढऱ्या मिशा, दोन्ही कानांनी जवळजवळ ठार बहिरे. त्याचं दुःख सोडा, अभिमान काय वर्णावा! पिसाळांच्या घरटी एक माणूस फौजेत, आणि बहुतेक सगळे तोफखान्यात. त्यामुळे भावकीत पिढ्यान्‌पिढ्या एकच समजूत: आमचे कान तोफेनं नेले. तात्या मला म्हणाले, "एक कान पंजाबात ऱ्हायला, दुसरा काश्मिरात. देशाच्या कामाला आला, बाई." कान जाणं हे त्या आळीत पदकासारखं होतं.

फक्त एकीला ते पटत नव्हतं. तात्यांची धाकटी बहीण अक्काताई. तिला जवळच्याच गावात दिलेली, नवरा मागेच वारला, आता बरेचदा माहेरीच असते. बत्तिसाव्या वर्षापासून तिला कमी ऐकू येतं. चूल फुंकून फुंकून गेले, असं तिला सगळे सांगत. मी तिला जोरात ओरडून समजावलं, की हे तोफेचं नसावं, चुलीचंही नसावं, हे वडिलांकडून रक्तातून आलं असावं. ती पदर तोंडाला लावून असली हसली की मागची म्हैस वळून बघायला लागली.

"म्हंजी बापाच्या इष्टेटीत मलाबी वाटणी मिळाली म्हना की! जमीन सगळी ह्यास्नी, आन् कान माझं!"

तात्यांना यातलं काही ऐकू गेलं नाही. ते प्रेमाने मान डोलावत होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी बघते तर मारुतीच्या देवळापुढे मांडव. रांगोळी. खुर्चीला झेंडूची माळ. आमच्या थर्मोकोलच्या डब्यावर नारळ फोडला, तो फुटला आणि डब्याचं झाकणही फुटलं, ते फडतऱ्यांनी चिकटपट्टीने जोडलं. पहिला मान तात्यांचा. त्यांनी बाही वर केली, फडतऱ्यांनी अलगद नळी भरली, आणि त्याच क्षणी देवळाच्या शिखरावरचा कर्णा गरजला. तात्यांचा पुतण्या बाजीराव माईक घेऊन बसला होता.

"हवालदार तात्यासाहेब पिसाळ, तोफखाना, यांच्याकडून एक नळी रगात! मंडळ त्यांचं आभारी हाय!"

माझ्या हातातला चहा सांडला. जत्रेच्या वर्गणीची नावं पुकारतात तशी हा बाबा रक्ताची नावं पुकारत होता, आणि कर्ण्याचा आवाज नदीपलीकडच्या गावापर्यंत जात होता. मी धावत जाऊन माईकची वायरच ओढली. मांडवात शांतता पसरली. त्या आळीत बहुधा पहिल्यांदाच.

मी म्हटलं, नावं जाहीर करायची नाहीत, हे गुप्त ठेवायचं आहे. बाजीरावाचा चेहरा पडला. कडेला बसलेले एक आजोबा उठून उभे राहिले. "आवं बाई, आमी काय चोरीचं रगात देतोय व्हय? दिलंय त्येचं नाव घ्याचं न्हाई, ही कंची रीत?" त्यांचंही बरोबर होतं. इकडे देवळाच्या पायरीला दगड दिला तरी त्यावर नाव कोरतात. आणि मी म्हणत होते, तुमच्या अंगातलं द्या आणि नाव विसरा.

त्यात तात्यांना काय चाललंय ते कळेना. ते विचारत राहिले. शेवटी मी त्यांच्या कानाशी तोंड नेऊन, छातीत होता नव्हता तेवढा दम एकवटून ओरडले, "गुप्त! गुप्त ठेवायचंय!" ते नदीपलीकडेही ऐकू गेलं असणार. फडतरे तोंड फिरवून हसत होते. मला इतका संताप आला की मग मीही हसले.

मार्ग काढला तो फडतऱ्यांनीच. ते तात्यांपुढे गेले, सलाम ठोकला आणि म्हणाले, "तात्या, नाव न्हाई, नंबर हाय. फौजेतल्यासारखा." बास! म्हातारा ताडकन उठला, टाचा जुळवल्या आणि आपला फौजेतला नंबर खडाखडा म्हणून दाखवला. मग मांडवात जेवढे निवृत्त होते त्या सगळ्यांनी आपापले नंबर म्हटले. शिपायाचं नाव एक वेळ बदलेल, नंबर नाही. तो मेल्यावरही त्याचाच. नंबर मिळणार म्हटल्यावर नाराजीचं नाव राहिलं नाही. आजोबाही रांगेत येऊन उभे राहिले. मी मनातल्या मनात फडतऱ्यांना शाबासकी दिली आणि दुपारपर्यंत ती परत घेतली.

कारण दुपारी पंगत बसली. बाजरीची भाकरी, घेवड्याची आमटी, हिरव्या मिरचीचा खर्डा, वर काकवी. मी खर्ड्याने डोळ्यातून पाणी काढत होते, आणि शेजारून आवाज आला, "आरं ए सात नंबर, नऊ नंबरला भाकरी वाढ की!" मला वाटलं, कानात काहीतरी झालं. पलीकडून कुणी म्हणालं, "बारा नंबरला आमटी सोसंना." मी पानावरून उठले. आळीत चक्कर टाकली. दारादारावर खडूने नंबर लिहिलेले! तात्यांच्या दारावर भला मोठा एक, त्याला वर झेंडूची माळ. नंबर सगळ्यांना पाठ, आपलाही आणि दुसऱ्याचाही. म्हणजे उद्या आमची नळी कुणाच्याही हाती लागली आणि तो या गावात आला, तर शेंबडं पोरही सांगेल, हे रक्त कुणाचं. कप्पाळ माझं! नावं पुकारली असती तर लोक आठवड्यात विसरले तरी असते.

मी बसकणच मारली. तिथेच अक्काताई माझ्यापाशी आली, माझा हात धरला आणि काही न बोलता मला गुऱ्हाळावर घेऊन गेली. काहिलीत रस उकळत होता, वास असा की पोट भरलेलं असूनही भूक लागावी. तिने मला थेट चरकाच्या इंजिनाशेजारी उभं केलं. मला वाटलं, ताजा गूळ देणार. पण तिला बोलायचं होतं, आणि त्या धडधडाटात आपलं बोलणं दुसऱ्या कुणाला ऐकू जात नाही हे तिचं गणित. ते मलाही ऐकू येत नव्हतं, हा भाग वेगळा. दोनदा विचारल्यावर कळलं ते असं.

अक्काताईची मुलगी सुनंदा. वय सत्तावीस. मिरजेला एका मोठ्या दवाखान्यात टेलिफोनच्या बोर्डावर ऑपरेटर. तिचं आडनाव वेगळं, त्यामुळे ती पिसाळांची भाची हे तिकडे कुणाला ठाऊक नाही. आईचे कान टायफॉइडमध्ये गेले असं तिने सांगून ठेवलंय. आता हे रक्तातलं आहे असं तिकडे कळलं, तर तिचे कान जातात की राहतात याची कुणी वाट बघणार नाही. आजच खुर्चीवरून उठवतील.

अक्काताई म्हणाली, "तिचं पोट त्या खुर्चीवर हाय, बाई. आन् जीवबी. रगात द्यायचं का न्हाई ते तिचं ती ठरवंल. तुमी फकस्त तिचं नाव कुटं येऊ दिऊ नगा."

आमच्या कामाला सुनंदाची नळी फार महत्त्वाची होती. लेकींकडून हे कसं उतरतं ते कळायला लेकीची लेक हवी, आणि लग्न होऊन गेलेल्या मुली सगळ्या पांगलेल्या. मी अक्काताईला शब्द दिला. तेवढ्यात बाजीराव धावत आला आणि आनंदाने म्हणाला, की तात्यांनी ग्रामपंचायतीच्या फोनवरून आत्ताच सुनंदाला मिरजेला फोन केला, तिच्यासाठी तेवीस नंबर राखून ठेवलाय म्हणून! तात्यांना फोनवर समोरचं काही ऐकू येत नाही, त्यामुळे ती काय म्हणाली ते त्यांना माहीत नव्हतं. पण ते जे म्हणाले ते मिरजेतल्या निम्म्या दवाखान्याला ऐकू गेलं असणार.

संध्याकाळी उंब्रजच्या डाकबंगल्यात फडतरे आणि मी दार लावून बसलो आणि सगळ्या नळ्यांवरचे नंबर खरवडून नवे घातले. ते कुठल्याही क्रमाने नाहीत, आणि कुणालाही सांगितले नाहीत. गावात अजूनही एक नंबर, सात नंबर चाललं असेल. चालू दे. त्यांच्या नंबरांचा आता आमच्या नळ्यांशी काही संबंध नाही. फडतरे म्हणाले, "मॅडम, तात्यांना कळलं तर?" मी म्हटलं, तात्यांचा एक नंबर मीही काढून घेऊ शकत नाही.

सांगली

इस्लामपूरच्या अलीकडे एका धाब्यावर आख्खा मसूर खाल्ला आणि दुपारी सांगलीत शिरलो. हळदीचा वास बाजारापासून नदीपर्यंत येतो. कृष्णा इथे संथ आणि रुंद होते. घाटावर बसून पाय सोडले की उठवत नाही. भडंगाची मोठी पुडी घेतली आणि बसलो. माझा आवाज चढलेलाच होता. भडंगवाल्याने विचारलं, "ताई, भांडताय का?" दोन दिवसांत मीही पिसाळ झाले होते.

पण सांगायचं तर मनात सुनंदा होती. इथे मला फार बरं वाटत होतं, माणसं आवडत होती, आणि तरी राहून राहून वाटायचं, आपण एका मुलीच्या पोटावर पाय द्यायला चाललोय की काय?

मिरज

सकाळी वेळ होता म्हणून तंतुवाद्यांच्या गल्लीत गेलो. दारात भोपळे वाळत टांगलेले. एक कारागीर तंबोऱ्याच्या तारा टेकतात त्या घोडीवर दोरा सरकवत होता, तार छेडत होता, मान तिरकी करून ऐकत होता. आम्हाला सगळे सूर सारखेच वाटले. त्याला काहीतरी पटलं नाही, त्याने पुन्हा दोरा सरकवला. आम्ही अर्धा तास नुसते उभे होतो. फडतरे म्हणाले, कान म्हणजे काय चीज असते ना. मी एसटीडी बूथ शोधायला लागले.

सुनंदाला फोन करून भेटीचं विचारलं. तिचा आवाज काय सांगू! स्वच्छ, गार, माठातल्या पाण्यासारखा. ती म्हणाली, जेवणाच्या सुट्टीत थेट बोर्डाच्या खोलीतच या. तिथे दुसऱ्या कुणाला प्रवेश नाही, अख्ख्या दवाखान्यात तेवढीच एक खाजगी जागा. दारावर पुण्याची मावशी म्हणून सांगा. "आणि माझ्याबरोबर एकजण आहेत, ते?" मी विचारलं. "मावशीचे मिस्टर," ती म्हणाली.

हे सांगितल्यावर फडतरे कानाच्या पाळीपर्यंत लाल झाले. रखवालदाराने डब्याकडे बोट केलं, तर त्यांनी तोंड उघडायच्या आत मी म्हटलं, बासुंदी आहे. रखवालदार आशेने डब्याकडे बघत राहिला. परत जाताना त्याला काय द्यायचं हा प्रश्न माझ्या 'मिस्टरां'नी मग दिवसभर मला विचारला.

खोली लहान, खिडकी एक, समोर बोर्ड, त्यावर लुकलुकणारे दिवे. सुनंदा बारीक, उंच, केसांत अबोली. आधी ती हसत सुटली. मामांचा फोन आला तेव्हा मेट्रन शेजारीच उभ्या होत्या, आणि रिसीव्हरमधून "तुझं रगात घेणार हायत" असं खोलीभर घुमलं. मेट्रननी विचारलं, कसलं रक्त? हिने सांगितलं, गावाकडे रक्तदान शिबिर आहे. तेवीस नंबर आता कुणाचाच नाही असं मी सांगितलं तेव्हा तिने मोठा श्वास सोडला.

मग ती हसायची थांबली. खुर्ची माझ्याकडे वळवली आणि विचारायला लागली. नाव तुम्ही लपवाल, पण तुमच्यानंतर? ही नळी पाच वर्षांनी कुणाकडे असेल? कानासाठी घेतलेल्या रक्तात पुढे कुणी दुसरंच काही शोधलं तर मला विचारणार का? आणि उद्या मला नको वाटलं तर परत मिळेल?

"इथं बसून मी सगळ्या दवाखान्याचं ऐकते," ती म्हणाली. "कुणाचं मूल गेलं, कुणाचं ऑपरेशन फसलं, कोण कुणाशी भांडलं. पण माझ्या तोंडून बाहेर काही जात नाही, कारण जाऊ द्यायचं नाही हे मी ठरवलंय. तुमच्याकडं हे कोण ठरवतं?"

खरं म्हणजे कुणीच ठरवत नव्हतं. तेव्हा तसला नियमही नव्हता आणि आमच्या फ्रीजरला साधं कुलूपही नव्हतं. मी म्हटलं, सरांना विचारते. तिने बाहेरगावच्या फोनच्या वहीत स्वतःच्या नावावर ट्रंक कॉल लिहिला, पुणे जोडून दिलं, आपला हेडफोन काढून टेबलावर ठेवला आणि खिडकीशी जाऊन उभी राहिली.

सरांचा आवाज नेहमीसारखा, अर्धं लक्ष दुसरीकडे. मी प्रश्न सांगितले. ते म्हणाले, "अगं, एकदा फ्रीजरमध्ये गेलं की सगळ्या नळ्या सारख्याच. अर्ध्या तर परदेशात पाठवायच्यात, तिकडे मशीन आहे. पुढे तिकडचे काय करतील ते आपण कसं सांगणार? तू तिला हो म्हण आणि घे." माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. तिकडे मी एका गावाचा कर्णा बंद पाडला, नंबर खरवडले, आणि इथे फ्रीजरचं दारच सताड उघडं! मी सरांना काय बोलले ते इथे लिहीत नाही. फडतरे म्हणतात, मी पिसाळांच्या आवाजात बोलले.

फोन हातात धरूनच मी सुनंदाकडे वळले आणि सर म्हणाले ते जसंच्या तसं सांगितलं. म्हटलं, देऊ नकोस. मीही घेणार नाही. आम्ही परत जातो.

ती आली, माझ्या हातातून रिसीव्हर घेतला, खुर्चीवर ताठ बसली.

"नमस्कार सर. आत्ता ज्या नळीबद्दल बोलणं चाललं होतं ना, ती मी."

तिने खूण केली म्हणून टेबलावरचा हेडफोन मी कानाला लावला, तर पलीकडे सर नुसते खाकरत होते. सरांच्या आयुष्यात नळी पहिल्यांदाच बोलली असावी.

ती अगदी तिच्या रोजच्या आवाजात बोलली. म्हणाली, मला द्यायचंय. माझ्या आईला, मामाला काय झालं ते पुढच्या मुलांच्या वेळी तरी कुणाला कळू दे. पण माझ्या तीन अटी आहेत. मी सांगते, तुम्ही ऐका, आणि ट्रंक लाइनवर आवाज तुटतो म्हणून प्रत्येक अट तुम्ही मला परत म्हणून दाखवा. पहिली, माझं नाव आणि नंबर एकत्र कुठेही, देशात की परदेशात, जाणार नाही. दुसरी, कानाखेरीज दुसऱ्या कशासाठी हे रक्त वापरायचं असेल तर आधी मला विचारायचं. तिसरी, मी म्हणेन त्या दिवशी ते नष्ट करायचं, आणि केलं असं मला कळवायचं.

आणि आमचे सर, जे एक 'हो' म्हणायला आठवडा लावतात, ते शाळेतल्या मुलासारखे एकेक अट परत म्हणत होते. दुसऱ्या अटीला त्यांनी थोडे आढेवेढे घेतले. तिने शांतपणे अट पुन्हा वाचल्यासारखी सांगितली. मग त्यांनी ती म्हटली. तिसरी म्हणून झाल्यावर ते स्वतःहूनच म्हणाले, की हे एकट्या तुमच्यासाठी नको, गावातल्या सगळ्यांसाठीच ठेवू. माझे डोळे भरून आले होते आणि मला ते पुसायचं सुचत नव्हतं.

शेवटी सरांनी अगदी आदराने विचारलं, "आपलं नाव काय म्हणालात?"

सुनंदा म्हणाली, "ते नको असं ठरलंय ना, सर?"

आणि पुण्याहून, इतक्या लांबून, मी आमच्या सरांना खदाखदा हसताना ऐकलं. सतरा वर्षांत पहिल्यांदा. सुनंदाही हसत होती, फडतरेही, मी तर हसत होते आणि रडत होते.

तिने फोन ठेवला आणि बाही वर केली. फडतऱ्यांनी सुई टोचली, तिला कळलंही नाही. नळी भरली, नंबर घातला, बर्फात ठेवली. कापसाचा बोळा दाबून धरत फडतऱ्यांनी तिला विचारलं, काही वर्षांनी आम्हाला कळलं, तुझे कान जाणार की राहणार, तर तुला सांगायचं का?

"नको," ती म्हणाली. "कळलं तर मी आजपासूनच बहिरी होईन. कमी ऐकू यायला लागेल त्या दिवशी मीच साहेबांना सांगेन आणि या खुर्चीवरून उठेन. ते दुसऱ्या कुणी सांगायचं नाही."

बोर्डावर दिवा लागला. तिने कापूस तसाच कोपरात दाबून हात दुमडला, दुसऱ्या हाताने हेडफोन कानांवर चढवला, आम्हाला डोळ्यांनीच निरोप दिला आणि त्या स्वच्छ, गार आवाजात म्हणाली,

"बोला. ऐकतेय."